माईची अट

तिसऱ्या बैठकीला चौघंही वेळेवर पोचली आणि खोलीत शिरताच चौघांनी न ठरवता एकच गोष्ट केली. टेबलावरच्या काचेच्या कडेवरून बोट फिरवून पाहिलं. टेबल मुद्दाम गोल ठेवलेलं होतं. चौकोनी टेबलाला बाजू पडतात आणि बाजू पडल्या की माणसं भांडतात, असं मध्यस्थांनी पहिल्या दिवशीच समजावून सांगितलं होतं. टेबलाबद्दल त्यांचं म्हणणं खरं असेलही, पण वरची काच कुणीतरी नुसती उरकून टाकली होती. कड घासलेली नव्हती आणि दाराच्या बाजूला एक टवका उडालेला होता.

“आठ मिलीमीटर,” दादा म्हणाला.

“सहा,” वहिनी म्हणाली.

माईने काचेवर नखाने टिचकी मारली, कान तिरका करून ऐकलं आणि “सहाच” असा सुनेच्या बाजूने निकाल देऊन ती खुर्चीत बसली.

मध्यस्थांनी थर्मासातलं कोमट पाणी ओतून घेतलं. दिवसभर लोकांना बोलतं करून त्यांचाच घसा बसलेला असे. इतक्या वर्षांत त्यांनी तऱ्हेतऱ्हेची जोडपी पाहिली होती. एकमेकांकडे ढुंकून न बघणारी, डोळे फाडून बघणारी, एका कपाटावरून हमरीतुमरीवर येणारी. घटस्फोटाला येऊन आधी टेबलाची जाडी ठरवणारं कुटुंब मात्र हे पहिलंच.

दादाची बहीण वहिनीच्या शेजारची खुर्ची ओढून बसली. तिला सगळे चिमी म्हणत. लहानपणी ती खरोखरच चिमणीएवढी होती. आता ती शाळेत गणित शिकवत होती आणि दारातून आत शिरली की क्षणभर दार भरून जाई. दादा आणि वहिनी ही नावंही तिचीच देणगी. तिने हाक मारायला सुरुवात केली, ती कारखान्यातल्या माणसांनी उचलली आणि शेवटी माईच्याही तोंडी बसली. गेल्या दोन्ही बैठकींना चिमी वहिनीच्या बाजूलाच बसली होती. दादाने ते मनात नोंदवून ठेवलं होतं आणि बोलून दाखवलं नव्हतं.

कोर्टाने त्यांना इथे पाठवलं होतं. आधी मध्यस्थांसमोर बसा, आपसांत काय जमतंय ते बघा, मग या. जमवण्यासारखं तरी काय होतं? घर आणि खालचा काचेचा कारखाना माईचा होता, तिथे माई आणि दादा राहणार. वहिनी आपली हत्यारं घेऊन दुसऱ्या गावी जाणार. तिथल्या रंगीत काचेच्या एका कारखान्यात तिला काम मिळालं होतं. कुणी कुणावर आरोप करायचे नाहीत. ‘हे तुला हवंय का’, ‘नको, तूच ठेव’, अशा सुरात दोन बैठकींत सगळं आटपलं. इतक्या गोडीने चाललेली मोडतोड मध्यस्थांना जरा संशयास्पदच वाटली होती.

आज फक्त सह्या बाकी होत्या. मध्यस्थांनी करार पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवला आणि सवयीने विचारलं, “आणखी कुणाला काही सांगायचंय?”

“माझं एक राहिलंय,” माई म्हणाली.

मध्यस्थ नम्रपणे हसले. “माई, तुम्ही यात पक्षकार नाही. दोघांनीही माई हव्यात म्हणून आग्रह धरला, म्हणून तुम्हाला बसू दिलं.”

“बसलेच आहे तर बोलतेही. मला सांगा साहेब, यांना मूल असतं तर ते कुणाकडे राहणार, दुसऱ्याने त्याला कधी भेटायचं, हे तुम्ही लिहिलं असतंत ना?”

“लिहिलं असतं. पण यांना मूल नाही.”

“मूल नाही. मी आहे. माझं लिहा. महिन्यातून एक दिवस तिने मला भेटायला यावं.”

माईने हे वाक्य गेले कित्येक दिवस घोटून ठेवलं होतं. कापायच्या टेबलाशी एकटी उभी असताना ती ते मनाशी म्हणून बघत असे. वहिनी घर सोडून भाड्याच्या खोलीत गेल्यापासून त्या लोकर चिकटवलेल्या लांबलचक टेबलाची एक बाजू रिकामी पडली होती. काच कापायचा हिरा रॉकेलमध्ये बुडवायला माई अजून न बघता हात लांब करी, आणि वाटी आपल्याआप पुढे सरकत नाही हे कळायला तिला थोडा वेळ लागे. मग ती स्वतःवरच चिडे. हातातलं काम हातात राहून जाई. तिला वहिनी हवी होती. मुलाची बायको म्हणून नव्हे, घरात बाईमाणूस हवं म्हणूनही नव्हे. टेबलाच्या पलीकडे मान खाली घालून एका दमात सहा फुटांची रेघ ओढणारी, रेघ सरळ आली की स्वतःशीच ‘हं’ म्हणणारी ती मुलगी माईला हवी होती. या वयात माणसाचा एवढा जीव कुणात अडकू नये, हे तिला कळत होतं. कळून काय उपयोग.

“महिन्यातून एक दिवस,” तिने पुन्हा सांगितलं. “सकाळी यायचं, संध्याकाळी जायचं. मुक्काम मागत नाही मी.”

दादा हसला. हसण्यासारखं काही नव्हतं. “बघा साहेब. हेच. घटस्फोट माझा आहे आणि बोलणी या दोघींची चाललीत.”

“तुझं काही घेतलंय का मी त्यात?” माई म्हणाली.

“माझं आहेच काय त्यात घेण्यासारखं?”

चिमी मध्ये पडली. “दादा, आवाज.”

“मी आवाज कुठे चढवलाय?”

खरंच त्याने चढवला नव्हता. या घरात आवाज कुणी चढवतच नसे. मध्यस्थांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. वहिनीची नजर काचेवरच्या त्या टवक्यावर खिळली होती. ते उठले आणि तिला म्हणाले, “जरा आत येता? पाच मिनिटं आपण दोघं बोलू.”

आतली खोली म्हणजे कपाटाला खिडकी पाडल्यासारखी होती. दोन खुर्च्या, एक पंखा आणि रंग देताना कायमची चिकटून बसलेली तावदानं. रंगाऱ्याने काचेवरचा रंग पातीने खरवडून काढायचे कष्टही घेतले नव्हते, हे वहिनीला बसायच्या आधीच दिसलं. असलं काही दिसलं की घरी जाऊन माईला सांगायचं, हा तिचा वर्षानुवर्षांचा शिरस्ता. दोघी मिळून त्या रंगाऱ्याची यथासांग धुलाई करत. आज सांगायला कुणी नव्हतं.

“तुम्हाला भेटायला यायचंय?” मध्यस्थांनी विचारलं.

“हो.”

“मग लिहू या?”

“नको.”

मध्यस्थांनी पाण्याचा घोट घेतला. “दोन्ही खरं?”

“दोन्ही खरं. मी यायचं म्हटलं ना साहेब, तर मी महिनाभर त्याच दिवसाची वाट बघत बसेन. मग मी घर सोडून गेले असं कुठे झालं?”

तिला हे कुणाला तरी सांगायचं होतंच. लग्न होऊन ती घरात आली, तेव्हा तिची आई जाऊन बरीच वर्षं झाली होती आणि वडील फिरतीवर असत. कुलूप उघडून रिकाम्या घरात शिरायची तिला इतकी सवय होती की माईच्या घरात दार उघडताच कुणीतरी ‘आलीस?’ म्हणायचं, याचंच तिला अप्रूप वाटे. पहिल्याच आठवड्यात माईने तिच्या हातात हिरा दिला. “दाबू नकोस. चालू दे त्याला,” एवढंच सांगितलं. हिरा नीट चालला की कोरं कापड फाडल्यासारखा आवाज येतो. तो आवाज तिच्या हातून पहिल्यांदा निघाला तेव्हा माईने कारखान्यातल्या सगळ्यांना काम थांबवायला लावून पुन्हा ओढायला सांगितलं. ती त्या दिवशी त्या घरात जी रमली ती रमलीच. नवरा चांगला होता. शांत होता. तिला आवडतही होता. पण तिने कुणाशी संसार मांडला, नवऱ्याशी की त्या टेबलाशी, हे तिला कुणी विचारलं असतं तर छातीठोकपणे सांगता आलं नसतं.

“मग बिनसलं कुठे?”

“त्याने एकदा मला विचारलं होतं. आपण दोघंच कुठेतरी राहू या का, म्हणून. वेगळी खोली घेऊन. माझं काम मी रोज येऊन करावं, पण राहायचं दोघांनीच.”

“तुम्ही काय म्हणालात?”

“काहीच नाही. तेवढ्यात हातात काच आली.”

मध्यस्थांना ते कळलं नाही. मग वहिनीने त्यांना घरातला नियम सांगितला. दादाच्या आजोबांनी हा धंदा आपल्या भावाबरोबर सुरू केला होता. एकदा दोघं एका दुकानाची मोठी काच जिन्यावरून चढवत होते आणि माप कुणी चुकवलं यावरून चढता चढताच त्यांची जुंपली. काच सुटली. भावाचा तळवा असा कापला की पुढे त्याची मूठ कधी मिटली नाही, आणि दोन घरांची तोंडं दोन दिशांना झाली ती कायमची. तेव्हापासून काच हातात असताना बोलायचं नाही, असा नियम पडला. लागलेच तर तीन शब्द. उचल, जपून, टेकव.

“यात काय गैर आहे? शहाणपणाचंच आहे,” मध्यस्थ म्हणाले.

“नियम शहाणाच आहे. पण पुढे घरातल्या बायकांनी त्याची युक्ती केली. माईंच्या सासूने केली, माईंनी ती त्यांच्याकडून घेतली. दोघांत काही तापायला लागलं की दोघांच्या हातात काच द्यायची. जा, ती गोदामातली आणा, ती तिकडे बसवून या. तोंड आपोआप बंद. काच टेकवेपर्यंत राग गेलेला असतो.”

“आणि?”

“रागाबरोबर म्हणणंही गेलेलं असतं.”

बाहेर गल्लीत कुणीतरी स्कूटर सुरू करायचा खटाटोप करत होतं. ती सुरू होईपर्यंत दोघंही थांबली.

“त्याने विचारलं, आणि खालून माईंची हाक आली. जिन्याची काच आत्ता बसवून या, गिऱ्हाईक खोळंबलंय. आम्ही उचलली. बसवली. परत येताना मी वाट बघत होते, की तो पुन्हा विचारेल. तो काच बसवायचं पुटीन संपत आलंय, असं काहीतरी बोलला.”

“तुमचं उत्तर काय होतं, हे त्यांना माहीत आहे?”

“त्याने परत विचारलंच नाही.”

“इथलं बोलणं माझ्याकडेच राहतं,” मध्यस्थ उठत म्हणाले. “तिकडे पोचवायचं असेल तर ते तुम्हालाच करावं लागेल. आणि इथे कुणाच्या हातात काच नाही.”

बाहेर गोल टेबलाभोवती तिघं उरली होती आणि दादाला आश्चर्य वाटेल असं काहीतरी घडत होतं. चिमी आईवर रागावली होती.

“मला कधी म्हणालीस, महिन्यातून एक दिवस ये म्हणून?”

“तुला कशाला सांगायला लागतं?” माई म्हणाली. “तू माझी लेक.”

“म्हणूनच सांगायला हवं होतं. मी याच गावात राहते. बसने वीस मिनिटं. मी आले की तू म्हणतेस, बस हं, एवढी काच कापून येते. मग तुम्हा दोघींची काच काही संपत नाही. मी चहा करून पिते आणि जाते.”

“अगं, काम असतं.”

“माझ्याकडे नसतं? पन्नास पोरांच्या वह्या तपासते मी.” चिमीचा आवाज फुटला. “वहिनी मला आवडते. मी पहिल्यापासून तिच्या बाजूने आहे. पण कानामागून आली आणि तिखट झाली, असं मला कधी वाटलंच नाही म्हटलं तर तेही खोटं.”

ती उठली, टेबलाला वळसा घालून आली आणि दादाच्या शेजारच्या खुर्चीत धप्पकन बसली. टेबल गोल होतं, तरी त्याला बाजू पडली. दादाने बहिणीकडे पाहिलं. ही आपल्याबरोबर लहानपणी कोपऱ्यातल्या भंगार काचांत तोंडं वेडीवाकडी करून बघायची, हे तो विसरूनच गेला होता.

त्याला काही फार नको होतं. संध्याकाळी बाहेरचं काम आटपून कारखान्यात परतल्यावर दोघी टेबलाशी कशावर तरी हसत असायच्या आणि तो आला की हसणं ओसरायचं. त्याला हाकलत नसत. ‘ये ना, बस,’ म्हणत. पण तो आल्यावर ती गोष्ट पहिल्यापासून सांगावी लागे, आणि पहिल्यापासून सांगितली की तिच्यात तितकी मजा राहत नसे. आपल्याच घरात आपण पाहुणे कसे झालो, हे त्याला उमगत नव्हतं. बायकोचा हेवा करावा की आईचा, हेही ठरत नव्हतं. दिवसभरात काही बरं घडलं, काही वाईट घडलं, तर तिने आधी आपल्याकडे यावं, एवढीच त्याची इच्छा होती. एकदा त्याने धीर करून तोंड उघडलं होतं. त्यावर तिचं काहीच न बोलणं हा नकार आहे असं त्याने धरलं, आणि एकदा नकार मिळाल्यावर पुन्हा हात पसरायचा त्याचा स्वभाव नव्हता.

दार उघडलं. मध्यस्थ आणि वहिनी बाहेर आली. वहिनी आपल्या जुन्या जागी बसली, शेजारच्या रिकाम्या खुर्चीकडे आणि मग चिमीकडे बघून तिने मान हलवली. तिला समजलं होतं.

“मला बोलायचंय,” ती म्हणाली. पण माईकडे न बघता दादाकडे बघून. “तू मला एकदा विचारलं होतंस.”

दादाने ‘काय?’ असं विचारलं नाही.

“मग परत का नाही विचारलंस?”

“तू गप्प होतीस.”

“हातात काच होती.”

“टेकवल्यावर नव्हती.”

“टेकवल्यावर तू पुटीनचं बोललास.”

“मला वाटलं, तुला नको आहे. माईला सोडून जाणं तुला जमणार नाही.” त्याने काचेवरची बोटं उचलली, बोटांचे दमट ठसे उमटले होते, ते त्याने बाहीने पुसले. “आणि त्या दिवशी गिऱ्हाईक खरंच खोळंबलं होतं.”

“नव्हतं,” माई म्हणाली.

सगळे तिच्याकडे बघू लागले.

“नव्हतं खोळंबलं कुणी. ती काच आठवड्याने बसवली असती तरी चाललं असतं.” माईचा आवाज रोजच्यासारखाच होता, माप सांगताना असतो तसा. “मी जिन्यात होते. तुझं बोलणं कानावर पडलं. ही काय उत्तर देईल ते मला ऐकायचं नव्हतं. म्हणून हाक मारली.”

“माई,” चिमी म्हणाली.

“माझ्या सासूने मला आणि माझ्या नवऱ्याला किती काचा उचलायला लावल्या असतील, त्याची मोजदाद नाही. आमचं काही बिघडलं नाही. मला वाटलं, यांचंही बिघडणार नाही.” ती थांबली. “आमचं बिघडलं नाही असं मी आजवर धरून चालले होते. तुमच्या वडिलांचं काय म्हणायचं राहून गेलं, ते आता कुणाला विचारू?”

मध्यस्थांनी लेखणी खाली ठेवली. त्यांच्या कामात अशी वेळ क्वचित येते, आणि आली की त्यांनी गप्प बसायचं असतं. ते बसले.

“तुझं उत्तर काय होतं?” दादाने विचारलं आणि लगेच म्हणाला, “नको. राहू दे.” मग काही वेळाने, “सांग.”

“हो म्हणणार होते,” वहिनी म्हणाली. “लगेच नसते म्हणाले. आधी थोडी रडले असते. पण हो म्हटलं असतं.”

दादाने दोन्ही हातांनी तोंड पुसलं. हे ऐकण्यापेक्षा नकार ऐकणं सोपं गेलं असतं. नकाराला तो सरावला होता. त्याच्यावर एक सबंध घटस्फोट उभा केला होता त्याने.

“आणि आज विचारलं तर?”

ही बाई आता काय म्हणते, म्हणून चिमीने श्वास रोखला. माईनेही रोखला असेल. वहिनीने मान वर केली.

“आज विचारू नकोस. आज मी जे बोलेन ते त्या दिवसाचं उत्तर असेल. तो दिवस गेला. मी जायचं ठरवलंय ते तुझ्यावर रुसून नाही. मला माझं म्हणून एक दार हवंय. आत कुणी ‘आलीस?’ म्हणणारं नसलं तरी चालेल, असं दार. तशी मी राहू शकते का, ते मला बघायचंय.”

“आणि राहता आलं नाही तर?”

“तर तेव्हा तुझ्याशी बोलेन. तू ऐकायला असशीलच असं नाही. ते मी धरूनच चाललेय.”

दादाने मान डोलावली. त्याला तिचा राग आला नाही. इतक्या वर्षांत ती त्याच्याशी एवढं सलग पहिल्यांदाच बोलत होती, आणि ते बोलणं त्याला नको असलेलं होतं, तरी ते संपू नये असंच त्याला वाटत होतं.

“सह्या करायच्या?” मध्यस्थांनी हळूच विचारलं. “घाई नाही. हवं तर पुढची तारीख घेऊ.”

“करू या,” वहिनी म्हणाली. दादाने पेन पुढे ओढलं.

“थांबा,” माई म्हणाली. “माझी अट काढून टाका.”

“ती अजून लिहिलेलीच नाही, माई.”

“मग लिहू नका.”

वहिनी पहिल्यांदा तिच्याकडे वळली. तिचे डोळे भरून आले होते. “माई, राहू दे ना. कागदावर नको, पण मी येईन. एक दिवस काढणं मला काही जड नाही. सकाळची गाडी आहे, संध्याकाळची आहे. मी पाहून ठेवलंय.”

पाहून ठेवलंय, हे ऐकताच माईच्या चेहऱ्यावर काहीतरी हललं आणि तिने ते आवरलं. 

“येऊ नकोस,” ती म्हणाली.

“माई.”

“माणसं आली की माझ्या कामाची खोटी होते. मी आता हाताखाली एक मुलगी घेणार आहे, तिला शिकवायचंय. तू आलीस की ती बिचकेल. येऊ नकोस.”

इतकं रोखठोक माई सुनेशी कधी बोलली नव्हती. वहिनीचा चेहरा कुणी चापट मारल्यासारखा झाला. तिने ओठ मिटले, करार पुढे घेतला आणि सही केली. सही सरळ रेषेत आली. मग दादाने केली. शेवटी साक्षीदार म्हणून चिमीने आणि माईने केली. माईला सही करायला सगळ्यांत जास्त वेळ लागला. चष्मा नीट बसत नाही, असं ती पुटपुटली.

चौघं जिना उतरून खाली आली. फाटकाशी दादा आणि वहिनी मागे रेंगाळली. त्याने तिला काहीतरी विचारलं, तिने उत्तर दिलं, मग तिने काहीतरी विचारलं. चिमी थोडं पुढे जाऊन थांबली आणि त्यांना हाक मारायला वळली, पण माईने तिचं मनगट धरलं.

“त्यांना बोलू दे. चल.”

“दादाला घेऊन नाही जायचं?”

“तो येईल त्याचा तो.”

दोघी बसथांब्यापर्यंत चालत गेल्या. माई नेहमीच्या झपाट्याने चालत होती, चिमीला धाप लागली. चिमी आईवर रागावलेलीच होती, पण तो राग आता स्वतःसाठी राहिला नव्हता. जाताना वहिनीचा तो चेहरा तिच्या डोळ्यांसमोरून हलत नव्हता. कायदा, करार, सह्या, हे सगळं ठीक. त्या मुलीला आई म्हणून ही एकच बाई मिळाली होती, आणि त्या बाईने तिला परक्या माणसांसमोर नको म्हणून सांगितलं.

थांब्यावर कुणी नव्हतं. माई बाकावर बसली. पर्समधून तिने रुमाल काढला आणि नुसताच हातात धरला.

“बोलू का एक?” चिमी म्हणाली.

“बोल.”

“कागदावर नको म्हणालीस, ते समजलं मला. पण ती आपणहून यायला तयार होती. गाड्यासुद्धा पाहून ठेवल्या होत्या बिचारीने. आणि हाताखाली मुलगी घेणार म्हणे. कधी ठरवलंस?”

“कसली मुलगी. कुणी नाही.”

“मग तिला येऊ नकोस का म्हणालीस?”

एक बस आली, थांबली, कुणी चढत नाही म्हणून निघून गेली. ती त्यांचीच होती, पण दोघींपैकी कुणी उठलं नाही. माईने रुमाल डोळ्यांना लावला. आई रडते आहे हे चिमीला कळायला थोडा वेळ लागला, कारण तिने ते याआधी कधी पाहिलं नव्हतं.

“का म्हणालीस, माई?”

“अगं, ती आली असती,” माई म्हणाली. “आपलं ते दार टाकून दर महिन्याला आली असती.”